तीन पानांचा खुंट भिवंडीत चालेल का?

प्रश्न : माझा भाचा नोकरीनिमित्त जपानात असतो. त्याने तिथल्या एका जुन्या घराच्या कुंपणाचे फोटो पाठवले. बोटभर लांब हिरवे काटे, बेलासारखी तीन-तीन पानं आणि लिंबाएवढी, अंगावर लव असलेली पिवळी फळं. जपानातली संत्री याच झाडाच्या मुळांवर वाढतात असं त्याला कुणीतरी सांगितलं. हे खरं आहे का? आणि हा बेलाचाच प्रकार म्हणायचा का? विचारायचं कारण असं की पडघ्याजवळ आमची थोडी जमीन आहे. भातखाचराच्या कडेला मोसंबीची चार कलमं लावली होती. तीन झाडं बुंध्याशी डिंक येऊन पावसाळ्यात गेली. चौथं जोरात वाढलंय, पण त्याला आता जाड सालीची, आंबटढाण फळं येतात. भाचा दिवाळीला येताना त्या जपानी झाडाच्या बिया आणतो म्हणतोय. त्यावर मोसंबी बांधता येईल का?
— एक वाचक, भिवंडी

उत्तर : दिवाळी जवळ आली आहे म्हणून बियांचं आधी सांगतो. आणू नकोस असं भाच्याला आजच कळवा. परदेशातून बी किंवा रोप आणायचं तर आयात परवाना लागतो आणि त्या देशाचं वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागतं. 2003 च्या वनस्पती संगरोध आदेशात हे स्पष्ट आहे. बॅगेत फराळाच्या डब्यामागे चार बिया दडवून आणणं हा गुन्हा तर आहेच, शिवाय फायद्याचंही नाही. लिंबूवर्गातल्या बिया चिंचोक्यासारख्या वर्षानुवर्षं टिकत नाहीत. सुकल्या की मेल्या. महिनाभर खिशात फिरून आलेलं बी भिवंडीच्या मातीत उगवायची आशा धरू नका.

आता झाडाकडे वळू. भाच्याने फोटो काढला ते झाड म्हणजे ट्रायफोलिएट ऑरेंज. आपल्याकडचे रोपवाटिकावाले नुसतं ‘ट्रायफोलिएट’ म्हणतात. जपानात त्याला काराताची म्हणतात. मूळ चीनचं. जपान आणि कोरियात त्याची कुंपणं करतात, कारण त्या काट्यांतून कुत्रंही शिरत नाही. फळ दिसायला गोड, पण आत बियाच बिया, आणि रस कडू व चिकट. तोंडात घातलं तर थुंकाल.

बेलाशी नातं आहे, पण लांबचं. बेल, कवठ, कढीपत्ता, संत्रं, लिंबू आणि हे ट्रायफोलिएट ही सगळी एकाच कुळातली. तीन पानं पाहून तुम्ही फसलात त्यात लाजण्यासारखं काही नाही. एकोणिसाव्या शतकातल्या युरोपीय वनस्पतिशास्त्रज्ञांनीही या झाडाला काही काळ बेलाच्याच प्रजातीत घातलं होतं. मग त्याला पॉन्सिरस ही वेगळी प्रजाती मिळाली, आणि हल्ली पुष्कळजण त्याला सरळ संत्र्या-लिंबाच्या सिट्रस प्रजातीतच धरतात. बेलाची पानंही हिवाळ्याअखेर गळतात आणि याचीही गळतात, पण साम्य तिथेच संपतं. बेलाच्या खुंटावर मोसंबीची बाग कुणी उभी करत नाही. ट्रायफोलिएटवर मात्र देशच्या देश उभे आहेत.

भाच्याला मिळालेली माहिती जवळजवळ पूर्ण खरी आहे. जपानातलं उन्शू मिकान, म्हणजे हाताने सहज सोलता येणारं बिनबियांचं संत्रं, पिढ्यान्‌पिढ्या काराताचीवर बांधलं जातं. कारण साधं आहे. तिथे थंडी पडते. संत्र्याच्या जातभाईंमध्ये इतकी थंडी सोसणारा दुसरा कुणी नाही. हिवाळ्यात पानं टाकून झोपलेलं ट्रायफोलिएट शून्याखाली वीस अंशांच्या आसपासची थंडीही काढतं. मुळाचा हा झोपायचा स्वभाव वरच्या संत्र्यालाही थोडा लागतो. ते वेळेवर वाढ थांबवतं आणि थंडीला सामोरं जातं.

पण थंडी हा काही भिवंडीचा प्रश्न नाही. तिथे जानेवारीतही कुणी गोधडी शोधत नाही. तुमचा प्रश्न डिंकाचा आहे, आणि ट्रायफोलिएटची खरी ख्याती तिथेच आहे.

तुमची तीन झाडं ज्याने गेली त्याला आपल्याकडे डिंक्या म्हणतात. तो फायटोप्थोरामुळे होतो. याला बुरशी म्हणायची पद्धत आहे, पण शास्त्रीय हिशेबाने तो खऱ्या बुरशांपेक्षा वेगळा जीव आहे, आणि हा फरक नुसता पुस्तकी नाही. त्याचे बीजाणू शेपटी हलवत पाण्यात पोहतात. जमिनीत पाणी साचलं की मातीच्या कणांमधून वाट काढत ते कोवळ्या मुळांच्या टोकांपर्यंत पोचतात. बुंध्याजवळ चिखल उडाला की सालीवर चढतात. साल आतून कुजते, बाहेर डिंकाचे थेंब येतात, पानं पिवळी पडून गळतात आणि एका पावसाळ्यात झाड वाळतं. नागपूर-अमरावती पट्ट्यात संत्रा बागायतदारांना याची जन्माची ओळख आहे, आणि तिकडे पाऊस हजार-अकराशे मिलिमीटर. तुमच्याकडे त्याच्या दुपटीहून जास्त. भातखाचराच्या कडेला मोसंबी लावणं म्हणजे या जीवाला पोहायला तळं बांधून देणं.

ट्रायफोलिएटची मुळं आणि साल या जिवाला सहसा दाद देत नाहीत. मुळांना चिकटणाऱ्या सूत्रकृमींनाही नाही. आणि ट्रिस्टेझा नावाचा जो विषाणू संत्र्यांची झाडं मारतो, तो ट्रायफोलिएटच्या बहुतेक वाणांत वाढूच शकत नाही. या तिसऱ्या गुणाची किंमत कळायला ब्राझील आणि अर्जेंटिनाकडे पाहावं लागतं. तिथे पूर्वी बागा आंबट संत्र्याच्या खुंटावर होत्या. 1930 च्या दशकापासून ट्रिस्टेझाने त्या अक्षरशः झोपवल्या. वर गोड संत्रं आणि खाली आंबट संत्र्याचं मूळ अशी जोडी असली की सांध्याशी अन्न उतरायचं थांबतं आणि मुळं उपाशी मरतात. मग ब्राझीलने दुसरा खुंट धरला. कुठला, तर आपल्या बंगालकडचा रंगपूर लाइम. जगाला संत्र्याचा रस पुरवणारा साओ पाउलोचा पट्टा कित्येक दशकं रंगपूरच्या मुळांवर उभा होता. विदर्भातली कितीतरी संत्र्याची झाडंही त्याच खुंटावर आहेत. पण 1990 च्या दशकाच्या अखेरीला ब्राझीलमध्ये रंगपूरवरची झाडं अचानक मरायचा नवा रोग आला, आणि तिथल्या शेतकऱ्यांनी ज्या खुंटांकडे धाव घेतली त्यांत ट्रायफोलिएटचा एक संकर होता. एकाच मुळावर सगळी बाग उभी केली की असं होतं.

हे संकर कसे झाले ती गोष्ट मला फार आवडते, म्हणून थोडी लांबवतो.

1894 च्या डिसेंबरात आणि 1895 च्या फेब्रुवारीत अमेरिकेतल्या फ्लोरिडामध्ये दोन जबरदस्त थंडीच्या लाटा आल्या. पहिलीने फळं आणि पानं गेली. मधल्या उबदार आठवड्यांत झाडांनी नवी फूट धरली, रस वर चढला, आणि मग दुसरी आली. खोडं फुटली, बागा जमिनीपर्यंत मेल्या. अमेरिकेच्या कृषी खात्यातले वॉल्टर स्विंगल आणि हर्बर्ट वेबर हे दोघे तिथल्या युस्टिस गावच्या प्रयोगशाळेत काम करत होते. त्यांनी ठरवलं की गोड संत्र्याचा आणि थंडी सोसणाऱ्या ट्रायफोलिएटचा संकर करायचा. 1897 मध्ये संकर झाले. त्या रोपांना सिट्रेंज म्हणू लागले. झाडं काटक निघाली. फळं मात्र बापावर गेली, आंबट, कडवट, खाण्यालायक नाहीत. ज्या कामासाठी एवढा खटाटोप केला ते काम फसलं.

काही दशकांनी लोकांच्या लक्षात आलं की यांची फळं खायची नाहीतच, यांची मुळं वापरायची. स्विंगलच्याच देखरेखीखाली 1909 मध्ये कॅलिफोर्नियात वॉशिंग्टन नेव्हल संत्र्याचा ट्रायफोलिएटशी संकर झाला होता. त्यातूनच पुढे ट्रॉयर आणि कॅरिझो ही दोन जगप्रसिद्ध खुंटांची नावं आली. त्याआधी 1907 मध्ये स्विंगलने पपनसासारख्या ग्रेपफ्रूटचा ट्रायफोलिएटशी संकर केला होता. तो खुंट म्हणून 1974 साली बाहेर आला आणि त्याला त्याचंच नाव मिळालं, स्विंगल सिट्रुमेलो. संकर करून सदुसष्ट वर्षांनी! आपल्याकडे सरकारी वाण यायला उशीर होतो म्हणून बोटं मोडणाऱ्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

या संकरांमध्ये एक सोय अशी आहे की ती पाहून रोपवाटिकावाल्याला आनंद व्हावा. लिंबूवर्गातल्या पुष्कळ झाडांच्या एका बीतून दोन-तीन रोपं येतात. त्यांतली बहुतेक आईच्याच ऊतीतून झालेली, म्हणजे आईची हुबेहूब प्रत. क्वचित एखादं परागातून झालेलं, वेगळं. खुंटासाठी सगळी रोपं सारखी हवीत, म्हणून वेगळं निघालेलं उपटून टाकायचं असतं. जंबेरीच्या, म्हणजे आपल्याकडच्या नेहमीच्या खुंटाच्या, वाफ्यात ते नजरेने ओळखावं लागतं, आणि नजर चुकते. पण तीन पानांचा गुण वरचढ असतो. आई एकपानी संत्रं आणि बाप ट्रायफोलिएट असेल तर संकरातून आलेल्या प्रत्येक रोपाला तीन पानं येतात आणि आईची प्रत असलेल्या रोपांना एकच. वाफ्यापाशी उभं राहून कोण कुणाचं हे सांगता येतं. स्विंगलच्या काळात डीएनए तपासणी नव्हती. तरी संकर झाला की नाही हे त्याला पानं मोजून कळत होतं.

मग एवढा गुणी खुंट विदर्भ-मराठवाड्यात का नाही? संत्र्यासाठी नागपूर आणि मोसंबीसाठी जालना, दोघांनाही भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे, आणि दोन्हीकडे जंबेरी नाहीतर रंगपूर. नागपुरात 1985 पासून लिंबूवर्गीय फळांचं राष्ट्रीय संशोधन केंद्र आहे, आताची केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्था. अकोल्याचं डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठही याच कामात आहे. त्यांना ट्रायफोलिएट माहीत नाही असं थोडंच आहे?

अडचण मातीची आहे. विदर्भातल्या काळ्या मातीत चुनखडी असते. खोल खणलं तर पांढरे खडे हाताला लागतात. अशा मातीत लोह असूनही मुळांना ते उचलता येत नाही. जंबेरी आणि रंगपूर हे या बाबतीत बरेच सोशिक. ट्रायफोलिएट अगदीच नाजूक. चुनखडीच्या मातीत त्याच्यावर बांधलेल्या झाडाची कोवळी पालवी लिंबासारखी पिवळी होते, फक्त शिरा हिरव्या राहतात, जणू कुणी हिरव्या शाईने जाळी काढली आहे. पुढे पानं बारीक होतात, फांद्या शेंड्याकडून वाळतात. चेलेटेड लोहाच्या फवारण्या करत बसायचं, पण हा खर्च बागेच्या आयुष्यभराचा. स्विंगल सिट्रुमेलोचीही तीच रड. कॅरिझो त्यातल्या त्यात बरा, पण चुनखडी जास्त असेल तर तोही हार मानतो. खाऱ्या पाण्यालाही ही मंडळी कच्ची.

दुसरी गोष्ट, ट्रायफोलिएटची मुळं वरच्या थरात पसरतात. पाण्याची ओढ बसली की आधी ती कोमेजतात. विदर्भातला संत्रा बागायतदार आंबिया बहारासाठी झाडाला ताण देतो, म्हणजे मुद्दाम पाणी तोडतो. खालचं मूळ ताण सोसणारं असलं तरच हे चालतं. रंगपूरला तहान सोसायची सवय आहे. म्हणून वरुड-मोर्शीच्या बागेत कॅरिझो लावला तर डिंक्यापासून वाचेल आणि ताणात मरेल, अशी गत व्हायची. शेंदुरजनाघाटच्या रोपवाटिकांमध्ये जंबेरीचा खुंट मुख्य आहे तो निव्वळ जुन्या सवयीने नव्हे. जंबेरीवरची झाडं जोमाने वाढतात, लवकर फळं देतात, भरपूर देतात. फळ जरा जाडसालीचं आणि रस जरा पाणचट येतो, हा त्याचा दोष. ट्रायफोलिएटवर नेमकं उलटं. झाड हळू वाढतं, आकाराने आटोपशीर राहतं, फळाची साल पातळ आणि रसात साखर जास्त. पंजाबात किन्नोसाठी जट्टी खट्टीच्या, म्हणजे जंबेरीच्याच एका भावाच्या, जोडीला कॅरिझोही वापरात आला आहे. कर्नाटकात कूर्गच्या चेट्टळ्ळी केंद्रात तिथल्या संत्र्यासाठी ट्रायफोलिएटच्या चाचण्या झाल्या आहेत. कूर्गची माती आम्लधर्मी आणि पाऊस भरपूर. जमिनीच्या दृष्टीने ती विदर्भापेक्षा तुम्हाला जवळची.

तेव्हा वाचकहो, गंमत पाहा. ज्या विदर्भात संत्रं पिकतं तिथे हा खुंट नाराज, आणि जिथे मोसंबीचा व्यापार फक्त हातगाडीवरच्या रसाचा, त्या भिवंडीत त्याला माती कदाचित पटेल. पावसाने धुपलेल्या तुमच्या भागातल्या मातीत चुना फारसा उरत नाही. डिंक्याचा धोका सर्वांत जास्त तिथेच. कागदावर तरी हा खुंट भिवंडीचाच.

पण कागद आणि पडघा यांच्यात दोन-तीन खड्डे आहेत.

पहिला, तुमची जमीन अजून जमीनच आहे ना? भिवंडीच्या आसपास गोदामांसाठी किती खाचरं भरली गेली ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. भराव मुरमाचा असेल तर एक वेळ ठीक. पण पाडलेल्या इमारतींचं डेब्रिज आलं असेल तर सिमेंट आणि चुना आलाच. अशा मातीत ट्रायफोलिएटची पानं विदर्भासारखीच पिवळी होतील, आणि तुम्ही खताच्या दुकानात चकरा मारत बसाल. तपासणी सोपी आहे. जमिनीच्या वेगवेगळ्या जागांहून, हातभर खोलीवरून, मूठभर माती घ्या. सुकवून काचेच्या ग्लासात टाका आणि वरून पांढरा व्हिनेगर ओता. बारीक सूं आवाज करत फेस वर आला तर मातीत चुना आहे. कान ग्लासाजवळ न्या. थोडाच असेल तर फेस दिसणार नाही, पण बुडबुडे ऐकू येतील. पक्का आकडा हवा असेल तर जिल्ह्याच्या माती परीक्षण प्रयोगशाळेत मुक्त चुना तपासून घ्या.

दुसरा खड्डा उन्हाळ्याचा. ऑक्टोबरच्या उन्हापासून जूनपर्यंत तुमच्याकडे थेंब पडत नाही. बोअर नाही, ठिबक नाही, तर ट्रायफोलिएटचं नाव काढू नका. वरवर पसरणारी मुळं मे महिन्यात तडकलेल्या खाचरात टिकणार नाहीत.

तिसरा खड्डा डोळ्याचा, म्हणजे खुंटावर बांधायच्या कोंबाचा, आणि याबद्दल फार कमी बोललं जातं. एक्सोकॉर्टिस नावाचा एक सूक्ष्म रोगकारक आहे, विषाणूहूनही लहान. मोसंबीच्या किंवा संत्र्याच्या झाडात तो गुपचूप राहतो. जंबेरीवर अशा झाडाचा डोळा भरला तरी काही दिसत नाही, झाड वर्षानुवर्षं फळं देतं. तोच डोळा ट्रायफोलिएटवर भरा. काही वर्षांत सांध्याखालची साल उभी भेगाळते, खपल्या निघतात आणि झाड खुजं राहतं. शेतकरी म्हणतो खुंट वाईट. खुंट वाईट नसतो, डोळा रोगट असतो. जंबेरीने तो झाकून ठेवलेला असतो. रंगपूरवरही त्याची लक्षणं उमटतात, जंबेरीवर नाहीत. हा रोग पसरतो मुख्यतः डोळा भरण्याच्या चाकूने. पन्हेरीत एकाच चाकूने शंभर कलमं बांधली आणि मध्ये एकदाही ब्लीचिंगच्या पाण्यात बुडवला नाही, तर पहिल्या रोगट फांदीचा रस पुढच्या नव्व्याण्णवांना. म्हणून डोळा तपासलेल्या मातृवृक्षाचाच हवा.

असा डोळा कसा तयार होतो ते ऐकून तुम्हाला बागकामापेक्षा घड्याळ दुरुस्तीची आठवण होईल. अंधारात उगवलेल्या दोन आठवड्यांच्या रोपाचा शेंडा छाटतात. कलमाच्या झाडाच्या अगदी टोकाचा, मिलिमीटरच्या दहाव्या-पाचव्या भागाएवढा, कोवळा कोंब सूक्ष्मदर्शकाखाली कापून त्या रोपाच्या कापलेल्या कडेवर बसवतात आणि परीक्षानळीत वाढवतात. एवढ्या लहान टोकापर्यंत रोग सहसा पोचलेला नसतो. हे तंत्र 1970 च्या दशकात कॅलिफोर्निया आणि स्पेनमध्ये घडलं, आणि नागपूरच्या संस्थेतही रोगमुक्त रोपांसाठी ते वापरलं जातं. तुम्हाला कॅरिझोवरची चार-सहा रोपं हौसेने करून पाहायची असतील तर तिथेच चौकशी करा. रस्त्याकडेच्या नर्सरीतून ‘फॉरेन खुंट’ म्हणून दुप्पट भावाने काही घेऊ नका. आणि घेतलंच, तर सांध्याच्या खालून एखादी फूट येईपर्यंत थांबा. तिची पानं तिपानी नसतील तर तो खुंट ट्रायफोलिएटचा नाही, पुरावा तिथेच संपला.

कॅरिझो की शुद्ध ट्रायफोलिएट? माझं मत कॅरिझोकडे. शुद्ध ट्रायफोलिएटचं रोप वाफ्यात इतकं हळू वाढतं की जंबेरी वर्ष-सव्वा वर्षात डोळा भरण्याजोगी होते तेव्हा हे अजून काडीसारखं असतं. दिवस लहान झाले की त्याची झोपायची सवय कोकणातही सुटत नाही. फ्लाइंग ड्रॅगन नावाची त्याची एक वळणदार काट्यांची, ठेंगणी जात आहे. तिच्यावर झाड माणसाच्या उंचीचं राहतं, कुंडीत शोभतं, पण वाढायला वर्षं घेतं.

आणि लिंबाबद्दल सावध. युरेका नावाचं बाजारू लेमन ट्रायफोलिएटवर आणि त्याच्या बऱ्याच सिट्रेंजवर टिकत नाही, सांधा काही वर्षांनी निकामी होतो. आपलं कागदी लिंबू बहुतेक बियांपासूनच लावतात, त्याला खुंटाची गरजच नाही.

खरं सांगायचं तर तुमच्या जागी मी मोसंबीपेक्षा कागदी लिंबू आणि पपनस लावलं असतं. मोसंबीला साखर आणि रंग भरायला कोरडी हवा आणि थंड रात्री लागतात; तुमच्याकडच्या दमट हवेत फळ हिरवट आणि पाणीदार राहतं. खुंट बदलून हवा बदलत नाही. पण हौसेला मोल नसतं, म्हणून लावायचंच असेल तर कुठलाही खुंट असो, एवढं करा. भाताच्या पातळीवर नको, दीड-दोन फूट उंच वरंबा करा आणि पाण्याला उतार द्या. डोळ्याचा सांधा जमिनीपासून किमान वीतभर वर ठेवा. माती चढवताना तो पुरला तर खुंटाचं संरक्षण गेलं, कारण सांध्यावरची मोसंबी स्वतः डिंक्याला बळी पडते. पावसाळ्याआधी आणि नंतर बुंध्याला बोर्डो पेस्ट लावा: एक किलो मोरचूद आणि एक किलो चुना, दहा लिटर पाण्यात, वेगवेगळे भिजवून मग एकत्र. प्लॅस्टिकच्या बादलीत करा, लोखंडाच्या नको.

आता तुमचं चौथं झाड. ते मोसंबीचं राहिलेलं नाही. मोसंबी केव्हाच मेली आहे, आणि सांध्याच्या खालून आलेल्या पानसोटांनी झाड ताब्यात घेतलंय. तुम्ही खात आहात ती खुंटाची फळं. पिवळी, खडबडीत, गाठाळ सालीची आणि लिंबासारखी आंबट असतील तर जंबेरी. पिकल्यावर संत्र्यासारखी नारिंगी, सैल सालीची, पण तोंड वाकडं करणारी असतील तर रंगपूर. खुंट ट्रायफोलिएटचा असता तर तीन पानांनी पहिल्या महिन्यातच चोर पकडला असता. जंबेरीचं पान मोसंबीसारखंच एकपानी असल्यामुळे तुम्ही दोन वर्षं त्याला खत घातलं.

बुंध्याशी खाली वाकून पाहा. जुना सांधा अजून दिसेल, खोडाची जाडी आणि साल तिथे बदलते. त्याच्यावर एखादी मोसंबीची जिवंत फांदी राहिली असेल तर खालच्या सगळ्या फांद्या खोडालगत, बुडखा न ठेवता, कापा आणि जखमेवर बोर्डो पेस्ट लावा. काही राहिलं नसेल तरी झाड काढू नका. मुळं तीन पावसाळे डिंक्यात टिकली आहेत, म्हणजे जागा बरी आहे. खाली पेन्सिलीएवढे जाड झालेले दोन-तीन सरळ फुटवे ठेवा, बाकीचे काढा, आणि नोव्हेंबर ते जानेवारीच्या दरम्यान तपासलेल्या मातृवृक्षाच्या मोसंबीचा डोळा त्यांवर भरून घ्या. भाच्याला बियांऐवजी धारदार जपानी कलमी चाकू आणायला सांगा. त्याला परवाना लागत नाही, पण सामानाच्या बॅगेत टाकायला सांगा, हातातल्या नको.